निकालानंतर पुन्हा न्यायालयाची पायरी का चढावी लागते?

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. तरीही ज्याच्यापुढे दुसरा मार्ग उरलेला नसतो तो ती चढतो, वकिलाची फी कशीबशी उभी करतो, तारखांमागून तारखा सोसतो आणि एक दिवस गोव्यातील पर्वरीच्या उच्च न्यायालयातून आपल्या बाजूचा निकाल घेऊन घरी येतो. समोरचा पक्ष सरकार असेल, तर त्याची अशी पक्की समजूत असते की आता आपण काही करायचे उरलेले नाही. न्यायालयाने सांगितले आहे, तेव्हा सरकार ते करील. ती समजूत खोटी ठरायला काही महिने लागतात. मग वकील त्याला सांगतात की आदेश न पाळल्याबद्दल अवमान याचिका दाखल करावी लागेल, आणि जिंकलेला माणूस पुन्हा पहिल्या पायरीवर येऊन उभा राहतो.

माझी सारी नोकरी सरकारी खात्यांच्या आस्थापना विभागात गेली. निवृत्तीनंतर गावातले आणि आसपासचे लोक आपापली कागदपत्रे वाचून घ्यायला माझ्याकडे येतात, त्यात न्यायालयीन निकालांच्या प्रती घेऊन येणाऱ्यांचे प्रमाण मोठे आहे. फाइल आतून कशी चालते हे मी पाहिलेले आहे आणि ती न चालल्यामुळे बाहेरच्या माणसाचे काय होते हे आता पाहतो आहे. या दोन्हींवरून माझे एक ठाम मत झाले आहे. न्यायालयाच्या आदेशाला होणारा विलंब हा केवळ आळसातून किंवा कामाच्या रगाड्यातून होत नाही. आदेशाचे पालन करण्याचे काम प्रत्यक्षात अवमान याचिकेची नोटीस आल्यावरच सुरू करायचे, अशी एक रीत कार्यालयांत मुरलेली आहे. ती कुठे लिहिलेली नाही, कोणी तिचे समर्थनही करणार नाही, पण ती पाळली जाते.

आमच्या शेजारच्या वाड्यावर राहणाऱ्या एका वहिनींचे उदाहरण देतो. त्यांचे यजमान एका सरकारी खात्यात आधी रोजंदारीवर आणि पुढे कायम सेवेत होते. सेवेत असतानाच ते वारले. ते कायम झाल्याची तारीख कोणती धरायची, आणि त्यावरून निवृत्तिवेतनाची जुनी योजना लागू होते की नवी, असा वाद खात्याने काढला आणि वहिनींचे कुटुंब निवृत्तिवेतन अडकले. त्या उच्च न्यायालयात गेल्या. निकाल त्यांच्या बाजूने लागला आणि बारा आठवड्यांच्या आत थकबाकीसह निवृत्तिवेतन द्यावे, असा स्पष्ट आदेश झाला. आदेशात संदिग्ध असे काहीच नव्हते. तरीही मुदत उलटून गेल्यावर त्या खात्यात चौकशीला गेल्या तेव्हा त्यांना एवढेच सांगण्यात आले की फाइल वर गेली आहे.

‘फाइल वर गेली आहे’ या वाक्यामागे काय असते ते सांगणे आवश्यक आहे, कारण सारा विलंब तिथेच घडतो. निकाल लागल्यावर सरकारी वकिलांच्या कार्यालयातून खात्याला पत्र येते आणि सोबत निकालाची प्रत येते. ते आवक होते, हाताळणाऱ्या कारकुनाकडे जाते, तो टिपणी लिहितो, अधीक्षक ती पाहतात, संचालक सही करतात आणि फाइल सचिवालयात अवर सचिवांकडे पोहोचते. तिथून पुढे ती कायदा खात्याकडे जाते. प्रश्न एकच असतो की निकालाविरुद्ध अपील करता येईल का. कायदा खाते बहुधा ॲडव्होकेट जनरलांचे मत घ्यायला सांगते. सेवेचा प्रश्न असल्यामुळे कार्मिक खात्याचे मत लागते, पैशाचा प्रश्न असल्यामुळे वित्त खात्याची सहमती लागते. वित्त खात्यातून हमखास एक शंका परत येते: एकाला दिले तर असेच आणखी किती जण मागतील, त्यांची यादी आणि अंदाजे खर्च सादर करावा. ती यादी तयार करायला फाइल पुन्हा संचालनालयात खाली उतरते. या सबंध प्रवासात प्रत्येक टेबलावर काही ना काही काम झालेले असते, प्रत्येकाने आपला शेरा लिहिलेला असतो आणि कोणाकडेही बोट दाखवून ‘याने अडवले’ असे म्हणता येत नाही. एक गोष्ट मात्र त्या टिपण्यांमध्ये क्वचितच लिहिलेली आढळते, ती म्हणजे आदेशाने दिलेली मुदत कोणत्या तारखेला संपते.

इथे एक गणित पाहण्यासारखे आहे. बारा आठवडे म्हणजे ८४ दिवस. उच्च न्यायालयाच्या निकालाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका दाखल करण्याची सर्वसाधारण मुदत ९० दिवसांची असते. म्हणजे आदेश पाळण्याची मुदत आधी संपते आणि आव्हान देण्याची मुदत नंतर. पण कार्यालयांत सारा विचार दुसऱ्या तारखेवरून होतो. आव्हान द्यायचे की नाही हे ठरेपर्यंत आदेश पाळण्याचा प्रश्नच येत नाही, असे गृहीत धरले जाते. कायदा याच्या नेमका उलट आहे. अपील दाखल करण्याचा विचार चालू आहे म्हणून आदेश थांबत नाही. इतकेच काय, अपील प्रत्यक्ष दाखल केले तरी वरच्या न्यायालयाने स्थगिती दिल्याशिवाय आदेश थांबत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश ४१ नियम ५ मध्ये, अपिलाबाबत हे स्पष्ट शब्दांत लिहिलेले आहे आणि तेच तत्त्व न्यायालयांनी इतरत्रही पुन:पुन्हा सांगितले आहे. ज्याला आदेश मान्य नसेल त्याने मुदतीच्या आत स्थगिती आणावी, किंवा त्याच न्यायालयात जाऊन कारणे सांगून मुदतवाढ मागावी. दोन्ही मार्ग सरकारला उपलब्ध असतात, दोन्हींसाठी वकिलांची फौज असते. तरीही दोन्ही न करता मुदत उलटू दिली जाते.

अपिलाच्या बाबतीतही हाच ढिलेपणा चालतो. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया या प्रकरणात सरकारचा ४२७ दिवसांचा उशीर माफ करण्यास नकार दिला होता आणि फाइल टेबलावरून टेबलावर फिरत राहिली, हे कारण आजच्या काळात मान्य करता येणार नाही, असे बजावले होते. त्या निकालाला आता दशकाहून अधिक काळ लोटला आहे. टेबलांची संख्या कमी झाल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

आता अवमानाच्या कायद्याकडे वळतो. न्यायालयाचा अवमान म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर न्यायाधीशांवर केलेली टीका किंवा न्यायालयात घातलेला गोंधळ येतो. तो फौजदारी अवमान झाला. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमान वेगळा सांगितला आहे: न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, निर्देश किंवा आदेश यांची जाणूनबुजून केलेली अवज्ञा, किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा जाणूनबुजून केलेला भंग. संविधानाच्या अनुच्छेद १२९ ने सर्वोच्च न्यायालयाला आणि अनुच्छेद २१५ ने उच्च न्यायालयाला अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार दिला आहे. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिन्यांची साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. हा दोन हजारांचा आकडा १९७१ सालचा आहे आणि आजही तोच आहे. त्या काळी ही रक्कम मोठी होती. आज एखाद्या वरिष्ठ अधिकाऱ्याच्या एका दिवसाच्या पगाराएवढीही ती राहिलेली नाही. शिवाय आरोपीने न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली, तर शिक्षा माफ करण्याची तरतूद त्याच कलमात आहे.

सगळी मेख ‘जाणूनबुजून’ या अटीत आहे. अवमानाची कारवाई अर्धफौजदारी स्वरूपाची मानली जाते, त्यामुळे अवज्ञा झाली एवढे दाखवून भागत नाही. ती हेतुपुरस्सर झाली हे सिद्ध व्हावे लागते आणि शंकेचा फायदा आरोपीला मिळतो. एका व्यक्तीचे स्वातंत्र्य हिरावून घेणारा कायदा असा काटेकोर असलाच पाहिजे, याबद्दल माझे दुमत नाही. पण फाइलीचा वर सांगितलेला प्रवास या कसोटीला लावून पाहा. काम दहा जणांत वाटलेले आहे, प्रत्येकाने थोडे काही केलेले आहे आणि ज्या सचिवांच्या नावे याचिका आहे त्यांच्याकडे फाइल प्रत्यक्षात काही दिवसच होती. मग जाणूनबुजून अवज्ञा नेमकी कोणाची? त्यात बदल्यांची भर पडते. गोव्यात काम करणारे भारतीय प्रशासन सेवेतील अधिकारी अरुणाचल प्रदेश, गोवा, मिझोराम आणि केंद्रशासित प्रदेश यांच्या संयुक्त केडरचे असतात. ते आज पर्वरीत असतात आणि उद्या दिल्लीत किंवा आणखी कुठे. आदेश झाला तेव्हाचे सचिव मुदत संपण्याआधी गेलेले असतात आणि नवे सचिव प्रामाणिकपणे सांगतात की मी नुकताच पदभार घेतला आहे. न्यायालय त्यांना मुदत देते, कारण माणूस म्हणून त्यांची चूक नसते. ज्या खात्याची चूक असते ते खाते कैदेत टाकता येत नाही.

वहिनींच्या प्रकरणात अवमान याचिका दाखल झाली, न्यायालयाने नोटीस काढली आणि मग जे घडले ते मी माझ्या नोकरीच्या काळातही अनेकदा पाहिले होते. जी फाइल महिनोन्‌महिने एका मजल्यावरून दुसऱ्या मजल्यावर पोहोचत नव्हती, ती हातोहात फिरू लागली. शिपाई फाइल घेऊन टेबलापाशी उभा राहून सही घेत होता. वित्त खात्याची सहमती, जिच्यासाठी यादी आणि खर्चाचा अंदाज अत्यावश्यक होता, ती या दोन्हींशिवाय मिळाली. पुढच्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी निवृत्तिवेतन मंजुरीचा आदेश निघाला आणि दुसऱ्या दिवशी आदेशाचे पालन झाल्याचे प्रतिज्ञापत्र न्यायालयात सादर झाले. त्यात शेवटी विलंबाबद्दल बिनशर्त माफी होती. पालन झाले म्हणून याचिका निकाली निघाली.

या घटनाक्रमाचा अर्थ नीट लक्षात घेतला पाहिजे. जे काम नोटीस आल्यानंतर इतक्या झपाट्याने होऊ शकले, ते आधीही होऊ शकत होते. यादी लागत नव्हती, अंदाज लागत नव्हता, दहा मते लागत नव्हती. लागत होती ती फक्त एखाद्या व्यक्तीच्या नावावर येऊ घातलेली जबाबदारी. आणि ती जबाबदारी आणण्यासाठी एका विधवेला पुन्हा वकिलाकडे जावे लागले, पुन्हा पैसे उभे करावे लागले. जिची ऐपत नसेल, जिला अशी याचिका करता येते हे ठाऊकच नसेल, तिच्या बाबतीत आदेश कागदावर राहतो. कार्यालयांना हेही अनुभवाने माहीत झालेले असते की जिंकलेल्यांपैकी सगळेच काही दुसऱ्यांदा येत नाहीत.

कायद्याची आणखी एक बाजू वहिनींसारख्यांना जाचक ठरते. अवमानाचे प्रकरण हे तत्त्वत: न्यायालय आणि अवमान करणारा यांच्यातले मानले जाते, याचिका करणारा फक्त माहिती देणारा असतो. न्यायालयाने शिक्षा केली तर शिक्षा झालेल्याला कलम १९ खाली अपिलाचा हक्क आहे, पण शिक्षा करण्यास नकार दिला तर याचिकाकर्त्याला तसा हक्क नाही. न्यायालयाची प्रतिष्ठा राखणे हा या कायद्याचा हेतू असल्यामुळे ही रचना समजण्यासारखी आहे, परंतु ज्याचे आयुष्य त्या आदेशावर टांगलेले आहे तो माणूस या रचनेत कडेला राहतो.

याहूनही अवघड स्थिती ज्यांच्या हाती ‘विचार करावा’ असा आदेश पडतो त्यांची होते. अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत विचार करून निर्णय घ्यावा, असे आदेश आपल्याकडे मोठ्या संख्येने होतात. न्यायालयाचा हेतू चांगला असतो. ज्याचा अधिकार त्यानेच आधी निर्णय घ्यावा, एवढाच. पण मुदत उलटते, अवमान याचिका होते आणि मग खाते विचार करते, म्हणजे जुन्याच कारणांवरून अर्ज फेटाळते. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या १९९६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की आदेशाला अनुसरून एकदा निर्णय घेतला गेला, की तो बरोबर असो वा चूक, त्यातून दाद मागण्याचे नवे कारण निर्माण होते. त्याची तपासणी अवमानाच्या प्रकरणात करता येत नाही. म्हणजे माणसाने नवी याचिका करावी. कायद्याच्या दृष्टीने हे बरोबर असेल, पण अर्जदार तीन याचिकांनंतर जिथून निघाला तिथेच उभा असतो. म्हणून माझ्याकडे कागद घेऊन येणाऱ्यांना मी नेहमी सांगतो की वकिलांना आग्रह करा, न्यायालयाकडून निश्चित काय करायचे ते मागून घ्या. नुसत्या ‘विचारा’वर समाधान मानू नका.

न्यायालये कठोर होत नाहीत, असे नाही. महाराष्ट्राचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव यांना लाकूड कारखान्यांना मनाई असताना परवानगी दिल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये प्रत्येकी एक महिन्याच्या कैदेची शिक्षा दिली होती, हे मराठी वाचकांना आठवत असेल. २०२५ च्या मे महिन्यात आंध्र प्रदेशातील एका उपजिल्हाधिकाऱ्याला त्याच न्यायालयाने पदावनत करून पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड केला. तहसीलदार असताना उच्च न्यायालयाचा आदेश डावलून त्याने लोकांच्या झोपड्या पाडल्या होत्या आणि उच्च न्यायालयाने त्याला दोन महिन्यांची कैद सुनावली होती. परंतु ही दोन्ही प्रकरणे नीट पाहिली तर असे दिसते की दोन्हींत अधिकाऱ्यांनी मनाई असलेली गोष्ट स्वत:हून केली होती. परवानगीवर सही होती, झोपड्यांवर यंत्र चालले होते. सांगितलेले काम नुसते न करता बसून राहिल्याबद्दल इतकी जबर शिक्षा झाल्याची उदाहरणे शोधावी लागतात.

गोव्यातही हा फरक ठळकपणे दिसतो. सर्वोच्च न्यायालयाने ७ फेब्रुवारी २०१८ च्या निकालाने ८८ खाण लीजांचे नूतनीकरण रद्द केले आणि १५ मार्चपर्यंत मुदत दिली. त्या निकालाने डिचोली, सत्तरी, सांगे, धारबांदोडा या तालुक्यांतील हजारो कुटुंबांचे उत्पन्न थांबणार होते, सरकारला तो मुळीच नको होता, आणि तरीही १६ मार्चपासून खाणी बंद झाल्या. थांबवण्याचा आदेश इतका महाग असूनही ठरल्या तारखेला पाळला गेला, कारण न पाळणे सगळ्यांना उघड दिसले असते. याउलट म्हादई व्याघ्र प्रकल्पाचा आदेश घ्या. मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने २४ जुलै २०२३ रोजी म्हादई अभयारण्य आणि लगतची संरक्षित क्षेत्रे तीन महिन्यांत व्याघ्र प्रकल्प म्हणून अधिसूचित करण्यास सांगितले. त्याआधी जानेवारी २०२० मध्ये सत्तरीतील गोळावली परिसरात एक वाघीण आणि तिचे तीन बछडे विषबाधेने मेले होते, आणि राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाची शिफारस तर त्याच्याही आधीपासून राज्याकडे पडून होती. २४ ऑक्टोबर २०२३ ही मुदत उलटली, अधिसूचना निघाली नाही. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले, गोवा फाउंडेशन या पर्यावरणवादी संस्थेने अवमान याचिका दाखल केली, आणि २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जैसे थे स्थिती ठेवण्यास सांगून केंद्रीय अधिकारप्राप्त समितीकडे हा विषय तपासणीसाठी सोपवला.

सत्तरीतील लोकांच्या मनात या प्रकल्पाविषयी भीती आहे आणि ती भीती मी खोटी मानत नाही. ज्यांच्या काजूबागा आणि घरे अभयारण्याच्या हद्दीत आहेत, ज्यांचे जमिनीचे हक्क अजून निश्चित झालेले नाहीत, त्यांना विस्थापनाची धास्ती वाटणारच. उच्च न्यायालयानेही वनवासी आणि आदिवासी यांचे हक्क ठरवून देण्यासाठी सरकारला वेगळी मुदत घालून दिली होती. त्या हक्कांची बाजू सरकारने जरूर मांडावी, सर्वोच्च न्यायालयात मांडावी, स्थगिती मिळवावी. माझे म्हणणे एवढेच आहे की दिलेली मुदत आणि वरून मिळालेला आदेश यांच्यामध्ये जो काळ रिकामा जातो, त्या काळात सरकार कोणत्या अधिकाराने आदेशाबाहेर राहिले, याचे उत्तर कोणीही देत नाही. सामान्य माणसाला पंचायतीची नोटीस आली तर त्याला असा रिकामा काळ मिळत नाही.

सर्वांत अस्वस्थ करणारे उदाहरण जम्मू-काश्मीरचे आहे. तिथल्या रोजंदारी कामगारांना नियमित करण्याबाबत विचार करण्याचा आदेश उच्च न्यायालयाने २००७ मध्ये दिला होता. तो सोळा वर्षे धूळ खात राहिला. २०२५ च्या मार्च महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने सरकारची याचिका फेटाळली, २५ हजार रुपये खर्च बसवला, तो दोषी अधिकाऱ्यांकडून वसूल करता येईल अशी मुभा दिली आणि अवमानाचे प्रकरण दर आठवड्याला ऐकण्यास सांगितले. रोजंदारीवरचा माणूस. सोळा वर्षे. रकमेच्या मानाने हा खर्च लहानच आहे, पण तो अधिकाऱ्यांच्या खिशातून यावा ही दिशा मला फार महत्त्वाची वाटते. एरवी विलंबाचे व्याज द्यावे लागले तरी ते सरकारी तिजोरीतून जाते, म्हणजे तुमच्या-माझ्या करांतून जाते आणि ज्याने फाइल अडवली त्याला त्याची झळ लागत नाही. निवृत्तिवेतन ही सरकारची मेहरबानी नसून कर्मचाऱ्याचा हक्क आहे आणि ते देण्यात हयगय झाल्यास बाजारदराने व्याज द्यावे लागेल, हे सर्वोच्च न्यायालयाने केरळ सरकार विरुद्ध पद्मनाभन नायर या १९८४ च्या निकालातच सांगून ठेवले आहे.

अधिकाऱ्यांना ऊठसूट न्यायालयात उभे करावे, असे मात्र मी म्हणणार नाही. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात सरकारी अधिकाऱ्यांच्या उपस्थितीविषयी कार्यपद्धती घालून दिली: सहसा प्रत्यक्ष बोलावू नये, आवश्यक असेल तर आधी दूरदृश्य प्रणालीवरून हजेरी घ्यावी, त्यांच्या पेहरावावर किंवा शिक्षणावर शेरेबाजी करू नये आणि पालनाची मुदत ठरवताना प्रशासनाच्या अडचणी विचारात घ्याव्यात. मला हे पूर्णपणे पटते. ज्या दिवशी सचिव न्यायालयाच्या बाकावर बसून राहतात त्या दिवशी दुसऱ्या शंभर लोकांच्या फाइली थांबतात. परंतु अधिकाऱ्यांचा मान राखण्याची जशी लेखी पद्धत झाली, तशीच आदेश पाळण्याची लेखी पद्धत सरकारने स्वत:हून घालून घ्यायला हवी होती, आणि ते झालेले नाही.

ती अशक्य आहे असे मला वाटत नाही. कार्यालयात काम केलेल्या कोणालाही तसे वाटणार नाही. निकाल आला त्याच दिवशी फाइलीच्या पहिल्या पानावर मुदतीची शेवटची तारीख आणि पालनाची जबाबदारी असलेल्या एका अधिकाऱ्याचे नाव लिहिले जावे. त्याची बदली झाली तर पदभार देताना त्या यादीवर दोघांच्या सह्या व्हाव्यात. आव्हान द्यायचे की नाही हा निर्णय पालनाच्या मुदतीच्या निम्म्या काळात झाला पाहिजे. नाही झाला तर पालनाची फाइल थांबता कामा नये. आव्हान देण्याची आणि पालन करण्याची फाइल एकच असते, हाच आजचा मोठा दोष आहे, कारण पहिली फाइल दुसरीला अडवून ठेवते. त्या दोन वेगळ्या कराव्यात. गोव्यात २०१३ पासून लोकसेवा ठरावीक मुदतीत देण्याचा कायदा आहे. दाखल्यासाठी मुदत आणि जबाबदार अधिकारी ठरवता येतो, तर न्यायालयाच्या आदेशासाठी का ठरवता येऊ नये?

तोपर्यंत ज्यांच्या हाती निकाल आहे त्यांनी काही गोष्टी स्वत: कराव्यात. निकालाची प्रमाणित प्रत ताबडतोब घ्या आणि खाते आपणहून मिळवील या भरवशावर न राहता ती आपल्या पत्रासह खातेप्रमुख आणि सचिव या दोघांच्याही कार्यालयात देऊन आवक शिक्का घ्या, कारण आदेशाची माहिती नव्हती हा बचाव त्या एका शिक्क्याने संपतो. पत्रात मुदतीची शेवटची तारीख स्वच्छ लिहा. मुदत संपली की पुन्हा एक पत्र द्या, माहितीच्या अधिकाराखाली फाइलीवरील टिपण्यांच्या प्रती मागा. कोणत्या टेबलावर किती काळ गेला हे त्या टिपण्याच सांगतात आणि अवमान याचिकेत त्यांच्याइतका पुरावा दुसरा नसतो. आणि एक वर्षाची मर्यादा विसरू नका. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर कारवाई सुरू करता येत नाही. ‘होईल, साहेबांनी सांगितले आहे’ अशा तोंडी आश्वासनांवर ते वर्ष निघून गेलेले लोक मी पाहिले आहेत, आणि त्यांना पुढे काय सांगावे हे मला कळत नाही. केवळ पैशाचा हुकूमनामा असेल तर अवमानाऐवजी अंमलबजावणीचा अर्ज हाच सरळ मार्ग असतो. भूसंपादनाच्या वाढीव भरपाईची प्रकरणे बहुधा त्याच वाटेने जातात. तेव्हा आपला आदेश कोणत्या प्रकारचा आहे हे वकिलांना पहिल्याच भेटीत विचारून घ्यावे.

वहिनींना निवृत्तिवेतन आता नियमित मिळते. थकबाकीही मिळाली. मुदत संपल्यापासून पैसे हाती येईपर्यंतच्या काळाचे व्याज मात्र खात्याने दिलेले नाही, कारण मूळ आदेशात व्याजाचा उल्लेख नव्हता. त्यासाठी आम्ही खात्याला निवेदन दिले आहे, त्यावर आवक क्रमांक आणि शिक्का आहे, आणि विलंबास जबाबदार कोण याची चौकशी करून व्याजाची रक्कम त्यांच्याकडून वसूल करावी, अशी मागणी त्यात स्वतंत्र परिच्छेदात केली आहे. उत्तर आले नाही तर त्याच मुद्द्यावर नवी याचिका करायची, असे वहिनींनी ठरवले आहे.